निळू फुले घरी बसून पाहायचे तर: बाजारातल्या प्रतींचे परीक्षण

निळू फुले यांचे चित्रपट आज घरबसल्या ज्या रूपात मिळतात, त्या रूपाचे हे परीक्षण आहे. म्हणजे जुन्या दुकानांतून अजूनही सापडणाऱ्या व्हीसीडी आणि डीव्हीडी, इंटरनेटवर फुकट उपलब्ध असलेल्या प्रती आणि त्यांच्या नावाने फिरणाऱ्या पाच-सात मिनिटांच्या चित्रफिती. अभिनेता म्हणून त्यांची थोरवी सिद्ध करण्याची गरज मराठी वाचकाला नाही. प्रश्न असा आहे, की ज्या प्रेक्षकाने त्यांना नाट्यगृहात किंवा मोठ्या पडद्यावर कधी पाहिलेच नाही, त्याच्यापर्यंत या वस्तूंमधून निळू फुले कितपत पोहोचतात. माझे मत थोडक्यात असे, की खर्जातला आवाज आणि पाटलाची टोपी पोहोचते, अभिनय मात्र वाटेतच बराच गळतो. अशा गळतीचा पहिला फटका नायकाला न बसता चरित्र अभिनेत्याला बसतो आणि विक्रेत्यांना त्याची जाणीव असल्याचे दिसत नाही.

आधी वेष्टनाविषयी. हाताशी असलेल्या बहुतेक डिस्कच्या मुखपृष्ठावर निळूभाऊंना एक तर जागाच नाही, नाही तर कोपऱ्यात डोळे वटारलेले एक छोटे छायाचित्र आहे. मागच्या बाजूला कथेचा सारांश म्हणून 'खलनायकाच्या तावडीत सापडलेली अबला' या धर्तीची दोन वाक्ये असतात आणि कलाकारांच्या यादीत त्यांचे नाव तिसऱ्या-चौथ्या क्रमांकावर येते. 'सामना'च्या एका प्रतीवर तर स्मिता पाटील सर्वांत मोठ्या दिसतात. त्यांची त्या चित्रपटातली भूमिका लहान आहे, हे विकत घेणाऱ्याला चित्रपट संपल्यावर कळते. नंतर मोठ्या झालेल्या नावावर जुना माल खपवण्याची ही रीत समजण्यासारखी असली, तरी ज्या माणसाच्या खांद्यावर अर्धा चित्रपट उभा आहे त्याला मुखपृष्ठावरून वगळणे ही ग्राहकाची दिशाभूल आहे.

ही खलनायकाची चौकट कुठून आली, हेही पाहायला हवे, कारण विक्रेत्याने ती शून्यातून निर्माण केलेली नाही. १९३० साली पुण्यात जन्मलेले नीळकंठ कृष्णाजी फुले हे राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात तयार झालेले कलावंत होते. पोटासाठी त्यांनी पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केले. 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्याने त्यांचे नाव झाले आणि १९६८ साली अनंत माने यांच्या 'एक गाव बारा भानगडी'तल्या झेलेअण्णाने त्यांना चित्रपटाचे दार उघडून दिले. झेलेअण्णा इतका चालला, की पुढे गावातला लबाड पाटील, सरपंच, सावकार, साखर कारखान्याचा अध्यक्ष या साऱ्या जागांवर त्यांचेच नाव लिहिले जाऊ लागले. गावोगावच्या बायका त्यांना खरोखरचा दुष्ट माणूस समजून बोटे मोडत, असे त्या काळचे लोक सांगतात. आज तर नकलाकारांच्या तोंडी असलेले 'बाई, वाड्यावर या' एवढे एकच वाक्य म्हणजे निळू फुले, अशी नव्या पिढीची समजूत झाली आहे. फुकटच्या चित्रफिती याच समजुतीवर चालतात.

या चित्रफितींचा निकाल आधी लावतो, कारण त्यांच्यावर फार वेळ घालवण्यात अर्थ नाही. निळूभाऊंच्या नावाने शोध घेतला, की 'जबरदस्त सीन', 'खतरनाक डायलॉग' अशा मथळ्यांखाली तुकड्यांची रांग लागते. हे तुकडे कापणाऱ्याला संवाद हवा असतो, त्यामुळे संवादाच्या आधीचा थांबा आणि नंतरची नजर दोन्ही कापली जातात. नायकाच्या फेकीच्या संवादाचे अशाने फारसे बिघडत नाही. पण निळूभाऊंचे बोलणे हे न बोलण्याच्या मधे ठेवलेले असते. समोरच्याचे वाक्य संपले तरी ते लगेच उत्तर देत नाहीत. जरा वेळ जाऊ देतात, मान किंचित वळवतात आणि मग जे बोलायचे ते खालच्या पट्टीत, जणू स्वतःशीच बोलल्यासारखे बोलतात. धमकीला ओरडावे लागत नाही, हे मराठी पडद्यावर त्यांच्याइतके कोणी दाखवलेले नाही. तो थांबा काढून टाकला, की उरतो तो केवळ एक घोगरा आवाज, आणि त्याची नक्कल तर शाळेच्या संमेलनातला मुलगाही करतो.

आता व्हीसीडी. हा प्रकार जवळपास कालबाह्य झाला असला तरी कित्येक जुने मराठी चित्रपट अजून याच रूपात पाहायला मिळतात, म्हणून त्याची चर्चा टाळता येत नाही. व्हीसीडीचे चित्र ३५२ बाय २८८ ठिपक्यांचे असते, म्हणजे सगळे मिळून एक लाखाच्या थोडे वर. आजच्या साध्या दूरचित्रवाणी संचावर वीस लाखांहून अधिक ठिपके असतात. हे एक लाख ठिपके त्या वीस लाखांवर ताणले, की जवळून घेतलेला चेहरा कसाबसा ओळखू येतो, पण मध्यम अंतरावरच्या दृश्यात डोळ्यांच्या जागी दोन करडे डाग उरतात. नायक-नायिकेला दिग्दर्शक वारंवार जवळून दाखवतो, त्यामुळे त्यांचे निभावते. चरित्र अभिनेता मात्र बहुतेक वेळ मध्यम अंतरावर, दुसऱ्याच्या खांद्यामागे किंवा बैठकीच्या एका टोकाला बसलेला असतो. निळूभाऊंचे बरेचसे काम त्याच अंतरावरून पापण्यांनी केलेले आहे. पापण्याच दिसेनाशा झाल्यावर प्रेक्षकाने पाहायचे काय? शिवाय एका डिस्कवर साधारण ७४ मिनिटांचाच मजकूर बसतो, म्हणून चित्रपट दोन तुकड्यांत येतो आणि हा छेद कुठे द्यायचा याचा विचार कोणी केलेला नसतो. माझ्याकडच्या एका प्रतीत पहिली डिस्क एका पात्राचे वाक्य अर्ध्यावर असताना संपते.

आवाजाचे दुखणे चित्रापेक्षाही मोठे आहे. जुन्या प्रतींच्या ध्वनिपट्टीवर खरखर असतेच. ती घालवण्यासाठी आवाज गाळून घेतला, की खरखरीबरोबर बोलण्यातली बारीक व्यंजने आणि श्वासही जातात. उंच स्वरात बोलणाऱ्या नटाला हे फारसे बाधत नाही, खर्जात पुटपुटणाऱ्याला मात्र पुरते बुडवते. त्यातून आजच्या चपट्या दूरचित्रवाणी संचांना खालचे स्वर नीट पेलत नाहीत. परिणाम असा होतो, की गाणे लागले की आवाज कमी करावा लागतो आणि निळूभाऊ बोलू लागले की वाढवावा लागतो. हे सारे चित्रपट पाहायचेच असतील तर कानात घालायची साधने वापरावीत, एवढा व्यवहारी सल्ला मी देईन. त्यांनी 'हं' म्हणताना किती प्रकारचे अर्थ ठेवले आहेत ते तेव्हाच कळते.

इंटरनेटवरच्या फुकट प्रतींची स्थिती याहून संमिश्र आहे. काही प्रती डीव्हीडीवरून घेतलेल्या आणि पाहण्याजोग्या आहेत. पण अनेकांनी एक अक्षम्य उद्योग केला आहे. त्या काळातले हे चित्रपट जवळपास चौकोनी चौकटीत चित्रित झालेले आहेत, त्यांना आजच्या रुंद पडद्यावर बसवण्यासाठी एक तर चित्र आडवे ताणले जाते किंवा वरून-खालून छाटले जाते. ताणले तर सगळी पात्रे फुगल्यासारखी दिसतात. छाटले तर जवळजवळ चौथाई चित्र हरवते. छाटणीत वरून टोपी जाते आणि खालून हात जातात. टोपी गेल्याचे दुःख एक वेळ गिळता येईल, परंतु निळूभाऊंचे हात जाणे म्हणजे अर्धी भूमिका जाणे होय. धोतराचा सोगा सावरणे, बसल्या जागी मांडीवर हात ठेवून समोरच्याचे मोजमाप घेणे, या हालचाली त्यांनी खेड्यातल्या माणसांकडून नेमक्या उचललेल्या आहेत आणि त्या चौकटीच्या खालच्या पट्टीत घडतात. त्यात कोपऱ्यातला वाहिनीचा शिक्का आणि मधूनच तळाशी उगवणारी जाहिरातीची पट्टी. चित्रपट फुकट आहे, तेव्हा तक्रार कसली, असे कोणी म्हणेल. पण फुकटात मिळालेल्या या प्रतीवरूनच नवा प्रेक्षक त्या नटाची किंमत ठरवतो.

एवढे सारे दोष असूनही काय पाहावे, असे कोणी विचारले तर माझे उत्तर ठरलेले आहे: 'सामना' आणि 'सिंहासन' हे दोन चित्रपट, लागोपाठच्या दोन संध्याकाळी, याच क्रमाने. दोन्ही डॉ. जब्बार पटेल यांचे, दोन्हींची पटकथा विजय तेंडुलकरांची, दोन्ही कृष्णधवल आणि दोन्हींत निळू फुले व डॉ. श्रीराम लागू समोरासमोर. 'सामना' १९७५ च्या बर्लिन महोत्सवात स्पर्धेत होता. 'सिंहासन' १९७९ चा, अरुण साधू यांच्या 'मुंबई दिनांक' आणि 'सिंहासन' या कादंबऱ्यांवर बेतलेला. एकत्र पाहण्याचे कारण मात्र यापलीकडचे आहे. पहिल्या चित्रपटात सत्ता फुल्यांच्या हाती आहे आणि प्रश्न लागू विचारतात. दुसऱ्यात सत्तेच्या खेळात लागू आहेत आणि त्याकडे बघत राहण्याचे काम फुल्यांकडे आले आहे. विक्रेत्यांनी हे दोन चित्रपट एका वेष्टनात घालून विकायला हवे होते. मी पाहिलेल्या कोणत्याही संचात ते तसे एकत्र नाहीत. त्याऐवजी 'सामना'बरोबर भलतेच दोन तमाशापट जोडून दिलेले आढळले.

'सामना'तला हिंदुराव धोंडे पाटील हा साखर कारखान्याच्या जोरावर पंचक्रोशी मुठीत ठेवणारा माणूस. गावात येऊन पडलेल्या दारुड्या मास्तरला तो आसरा देतो आणि तो मास्तर 'मारुती कांबळेचं काय झालं?' हा प्रश्न धरून बसतो. वाचताना वाटेल की हा सरळसोट भला-बुरा सामना आहे. पण निळूभाऊंनी हिंदुरावाला सैतान केलेला नाही. त्याला आपण गावाचे भले केले असे मनापासून वाटते, मास्तरविषयी त्याला कुतूहल आहे, जवळीकही आहे. पाहुण्याची खातिरदारी करणारा यजमान आणि त्या पाहुण्याचा धोका ओळखणारा सत्ताधीश हे दोघेही एकाच चेहऱ्यावर, एकाच वेळी वावरताना दिसतात. मास्तरचा प्रश्न पुन्हा पुन्हा येत राहतो तसतशी हिंदुरावाच्या हसण्यातली ऊब कमी होत जाते. हे हसू एकदम मावळत नाही, ते पातळ होत जाते. चांगल्या प्रतीत हे पाहता येते. वाईट प्रतीत तो पहिल्यापासून शेवटपर्यंत सारखाच हसतो आहे असे वाटते. प्रतीच्या दर्जाने भूमिकेचा अर्थ कसा बदलतो याचे याहून चांगले उदाहरण मला देता येणार नाही. वर, चांगली प्रत ओळखण्याची ही एक कसोटीही आहे. पहिल्या अर्ध्या तासातला हिंदुराव आणि शेवटचा हिंदुराव यांच्या चेहऱ्यातला फरक दिसत नसेल तर ती प्रत बंद करावी आणि दुसरी शोधावी.

'सिंहासन'मधला पत्रकार दिगू टिपणीस ही याच्या नेमकी उलट कामगिरी आहे. अरुण सरनाईकांचे मुख्यमंत्री, लागूंचे अर्थमंत्री विश्वासराव दाभाडे, सतीश दुभाषींचा कामगार नेता डिकास्टा, अशा दमदार भूमिकांच्या गर्दीत दिगूला स्वतःचे असे फार काही करायचे नाही. तो ऐकतो. मंत्र्यांच्या दालनांतून, पक्षाच्या बैठकींबाहेरून, रस्त्यावरून तो हिंडत राहतो आणि जे पाहतो ते त्याच्या आत साठत जाते. शेवटी त्याचे भान सुटते तेव्हा प्रेक्षकाला धक्का बसतो तो केवळ त्या दृश्याचा नव्हे, तर इतका वेळ हा माणूस आतून ढासळत होता आणि आपल्या लक्षात आले नाही याचा. खेड्यातल्या पाटलाची रग, तिरकी नजर, जरब, यातले काहीही या शहरी, थकलेल्या माणसात नाही. ज्यांना वाड्यावरचेच निळू फुले ठाऊक आहेत त्यांनी 'सिंहासन' पाहिल्यावर एकच काम करावे, पुन्हा 'एक गाव बारा भानगडी'कडे वळावे. तिथला झेलेअण्णाही मग निव्वळ हुकमी बेरकीपणा न वाटता, बारकाईने घडवलेला माणूस वाटू लागतो.

दादा कोंडके यांचा 'सोंगाड्या' (१९७१) आणि व्ही. शांताराम यांचा 'पिंजरा' (१९७२) हे त्यांच्या नावाने विकल्या जाणाऱ्या संचांत हमखास असतात. ते चित्रपट आपापल्या जागी गाजलेले आहेत, पण निळूभाऊंसाठी म्हणून ते घेण्याची आवश्यकता नाही.

हिंदी प्रतींबद्दल लिहिताना मात्र थोडा विषाद वाटतो. 'कुली', 'मशाल' आणि 'सारांश' या १९८३-८४ मधल्या हिंदी चित्रपटांतही ते आहेत आणि त्यांच्या प्रती बहुतेक मराठी प्रतींपेक्षा स्वच्छ आहेत. कारण उघड आहे, हिंदी चित्रपटाला बाजार मोठा आणि त्याची प्रत सुधारण्यावर खर्च करणे परवडते. महेश भट यांच्या 'सारांश'मध्ये त्यांनी गजानन चित्रे हा राजकारणी केला आहे. अनुपम खेर आणि रोहिणी हट्टंगडी यांच्या वृद्ध दांपत्यावर जो दबाव येतो त्याचे मूळ हा माणूस. हिंदीत बोलतानाही त्यांनी आपला मराठी हेल लपवलेला नाही आणि दादरच्या राजकारण्याला तो शोभतोही. निळू फुले यांचा चेहरा स्पष्ट, त्यातल्या प्रत्येक सुरकुतीसह पाहायचा असेल तर आज मराठी प्रेक्षकाला हिंदी चित्रपटाकडे जावे लागते, ही आपल्या व्यवसायाला भूषणावह गोष्ट नाही.

या सर्व वस्तूंमधली सर्वांत मोठी उणीव मात्र चित्रपटांच्या बाहेरची आहे. १९७२ साली रंगभूमीवर आलेले आणि आधी परिनिरीक्षण (सेन्सॉर) मंडळाच्या, मग न्यायालयाच्या पायऱ्या चढावे लागलेले 'सखाराम बाइंडर' निळूभाऊंशिवाय कल्पनेत आणता येत नाही. कमलाकर सारंग यांनी दिग्दर्शित केलेल्या त्या नाटकात तमाशापटांतला खलनायक समाजाच्या ढोंगावर बोट ठेवणारा, रासवट पण प्रामाणिक माणूस म्हणून उभा राहिला. जयवंत दळवी यांच्या 'सूर्यास्त'मधले गांधीवादी अप्पाजी हे आणखी वेगळे टोक. १९९१ साली मिळालेला संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार हा या रंगभूमीवरच्या कामाचा होता. माझ्या हाती आलेल्या कोणत्याही संचात या नाटकांतला एखादा प्रवेश तर सोडाच, एखादे छायाचित्र किंवा चार ओळींची माहितीही नाही. त्यामुळे संच पाहून उठलेल्या प्रेक्षकाला कळत नाही, की पडद्यावर बायांना छळणारा हा माणूस प्रत्यक्षात समाजवादी विचारांचा होता, डॉ. लागूंसह सामाजिक कृतज्ञता निधीसाठी धडपडला होता आणि अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामाशी त्याचे जवळचे नाते होते. अशी माहिती दिल्याने नटाची प्रतिमा उजळावी असा हेतू नाही. हिंदुराव धोंडे पाटलाला ज्याने इतका समजून घेऊन उभा केला, तो त्याला कोणत्या बाजूने पाहत होता हे कळले तर भूमिका अधिक नीट वाचता येते, एवढेच.

वास्तविक मुंबई दूरदर्शनच्या काळात, जेव्हा शनिवारच्या मराठी चित्रपटासाठी अख्खी चाळ एका घरात जमत असे, तेव्हाही चित्र फार स्वच्छ नव्हते. परंतु चौकट पूर्ण होती, चित्रपट सलग होता आणि संच स्वतःच चौकोनी असल्यामुळे कोणाचे हात-पाय कापले जात नव्हते. त्या पिढीला निळू फुले कळले ते यामुळे. तंत्र सुधारल्यावर नट कमी दिसू लागला, हा विचित्र व्यवहार आहे.

मूल्यमापन करायचे तर व्हीसीडी घेऊच नयेत, स्वस्त असल्या तरी. डीव्हीडी मिळाली तर घ्यावी, मात्र विकत घेण्याआधी दुकानात पाच मिनिटे लावून चौकट पूर्ण आहे का ते तपासावे. बहुतेक जुने दुकानदार याला नाही म्हणत नाहीत. फुकटच्या प्रतींमध्ये एकाच चित्रपटाच्या तीन-चार आवृत्त्या असतात, त्यांतली दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या असलेली निवडावी, कारण काळ्या पट्ट्या म्हणजे चित्राला कोणी हात लावलेला नाही. पुण्यातल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात किंवा मुंबईत प्रभात चित्र मंडळासारख्या संस्थेकडून कधी 'सामना'चा खेळ लागलाच तर घरची प्रत बाजूला ठेवून तिकडे जावे.

निळूभाऊ १३ जुलै २००९ रोजी गेले. त्यानंतर त्यांच्या नावाचे संच निघाले, पण एकही संच त्यांच्याकडे चरित्र अभिनेता म्हणून पाहून काढलेला नाही. 'एक गाव बारा भानगडी', 'सामना', 'सिंहासन' आणि त्यांच्या अखेरच्या काळातला 'गोष्ट छोटी डोंगराएवढी', एवढे चार चित्रपट मूळ चौकटीत, ध्वनिपट्टी नीट करून आणि सोबत नाटकांच्या माहितीची एक पुस्तिका देऊन कोणी काढले, तर त्यासाठी हजार-दीड हजार रुपये मोजणारे ग्राहक मराठीत नक्की आहेत. मुखपृष्ठावर डोळे वटारलेला फोटो मात्र नको.